नट हलला की आकृतीही हलते! नाटकातलं 'मोशन कॅप्चर' म्हणजे नेमकं काय?

रंगमंचावर नट हात वर करतो. त्याच क्षणी त्याच्या डोक्यावरची भलीमोठी आकृतीही हात वर करते. हे आधी शूट करून ठेवलेलं नसतं, तर प्रेक्षकांसमोर तिथल्या तिथे घडतं. या तंत्राला 'मोशन कॅप्चर' म्हणतात. सिनेमात ते जुनं झालंय. रजनीकांत यांचा २०१४ चा 'कोचादैयान' याच तंत्रावर बनला होता. पण सिनेमात चूक सुधारता येते, रंगमंचावर रिटेक नाही.

कुठं झालं?
इंग्लंडमधलं स्ट्रॅटफर्ड हे शेक्सपिअरचं गाव. त्याच्या मृत्यूला ४०० वर्षं झाली तेव्हा, म्हणजे २०१६ मध्ये, तिथल्या रॉयल शेक्सपिअर कंपनीनं 'द टेम्पेस्ट' हे नाटक बसवलं. त्यात एरियल नावाचा हवेत वावरणारा आत्मा आहे. ही भूमिका करणाऱ्या मार्क क्वार्टली याच्या पोशाखात सेन्सर बसवले होते. इंटेल कंपनी आणि इमॅजिनेरियम स्टुडिओ यांची साथ होती.

चालतं कसं?
मोबाईल आडवा केला की स्क्रीनही आडवी होते ना? कारण फोन कसा धरलाय हे आतल्या सेन्सरला कळतं. तसेच सेन्सर नटाच्या हातापायांवर, पाठीवर, डोक्यावर असतात. ते प्रत्येक हालचाल बिनतारी कॉम्प्युटरला कळवतात. कॉम्प्युटर ती चित्रातल्या आकृतीला देतो आणि प्रोजेक्टर ती आकृती जाळीदार पडद्यावर दाखवतो. हे सगळं डोळ्याची पापणी लवायच्या आत व्हावं लागतं. उशीर झाला की सोंग उघडं पडतं.

मग नटाचं काय?
प्रयोगात नट लागतोच. तो थांबला की आकृतीही थांबते. खरा प्रश्न रेकॉर्डिंगचा आहे. एकदा टिपलेली हालचाल कलाकार नसतानाही पुन्हा पुन्हा वापरता येते. एआयमुळे ही भीती वाढली. म्हणूनच २०२४ मध्ये अमेरिकेत व्हिडिओ गेमसाठी काम करणारे कलाकार संपावर गेले. त्यात मोशन कॅप्चरवालेही होते.

आपल्याकडच्या लावणी, दशावतार, सोंगी भारुडाच्या कलाकारांनीही हे ध्यानात ठेवावं. उद्या कुणी सेन्सर लावून नाच टिपायला आलं, तर आधी तीन गोष्टी लेखी घ्या: वापर कुठं होणार, किती वर्षं, आणि दर वापराला पैसे किती. अदा तुमची आहे, तिचा मोबदलाही तुम्हालाच मिळायला हवा.