पेटर प्शिगोडा : वेंडर्स यांचे संकलक

पेटर प्शिगोडा (१९४१–२०११) हे नव्या जर्मन चित्रपटाच्या पिढीतील महत्त्वाचे संकलक. जन्म बर्लिनचा. दिग्दर्शक विम वेंडर्स यांच्या 'समर इन द सिटी' (१९७०) या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटापासून 'पालेर्मो शूटिंग' (२००८) पर्यंत, मधले काही अपवाद सोडले तर, त्यांचे बहुतेक कथापट प्शिगोडा यांच्या टेबलावरून गेले. लेखक पेटर हांडके यांनी दिग्दर्शित केलेल्या 'द लेफ्ट-हँडेड वुमन' (१९७८) चे संकलनही त्यांचेच. तरी या चित्रपटांची चर्चा निघाली की नाव येते ते दिग्दर्शकाचे. फार तर छायालेखक रॉबी म्युलर यांचे.

त्या काळी संकलन हे अक्षरशः हातकाम होते. हॅम्बुर्गच्या स्टीनबेक कंपनीच्या टेबलावर चित्राची आणि आवाजाची रिळे आडव्या तबकड्यांवर सोबतीने फिरत. (पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे विद्यार्थीही याच यंत्रावर हात बसवत.) ३५ मिमी फिल्म मिनिटाला सुमारे २७ मीटर सरकते, म्हणजे तासाभराचे चित्रीकरण दीड किलोमीटरहून लांब. नेमकी चौकट सापडली की तिच्यावर पेन्सिलीने खूण करायची, फिल्म कापायची, पारदर्शक चिकटपट्टीने जोडायची. आवाजाची पट्टीही तेवढीच कापावी लागे, नाहीतर ओठ एकीकडे आणि शब्द भलतीकडे.

'किंग्ज ऑफ द रोड' (१९७६) तयार पटकथेशिवाय, पूर्व जर्मनीच्या सीमेलगत प्रवास करत चित्रित झाला. अशा चित्रपटात संकलकाला धरून चालायला कागद नसतो. ट्रक जात राहतो, दोन माणसे गप्प बसतात. दुसऱ्या कोणी कात्री लावली असती असे क्षण सुमारे तीन तासांच्या या चित्रपटात राहू दिले आहेत. प्शिगोडा यांची जाण दिसते ती इथे, न कापण्यात. 'द अमेरिकन फ्रेंड' (१९७७) मात्र थरारपट; त्याच्या संकलनासाठी त्यांना जर्मन चित्रपट पुरस्कार मिळाला.

'पॅरिस, टेक्सस' (१९८४) मधला काचेआडचा प्रसंग बारकाईने पाहण्यासारखा आहे. नायक ट्रॅव्हिस बायकोला पाहू शकतो, ती त्याला नाही. तो पाठ फिरवून फोनवर त्यांचीच कहाणी तिऱ्हाइताची म्हणून सांगतो. बोलणाऱ्याचा चेहरा किती वेळ धरायचा आणि ऐकणारीकडे कधी वळायचे, यावर सगळा प्रसंग तोललेला आहे. ओळख पटण्याआधीची तिची चलबिचल घाई न करता उलगडते.

वेंडर्स यांच्याशी त्यांचे नेहमीच जमले असे नाही. अमेरिकी दिग्दर्शक निकोलस रे यांच्या अखेरच्या दिवसांवरचा 'लाइटनिंग ओव्हर वॉटर' प्शिगोडा यांनी संकलित केला आणि तो १९८० साली कान चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. वेंडर्स यांचे समाधान झाले नाही. त्यांनी तो स्वतः पुन्हा जुळवला. आजही प्रचलित आहे ती ही दुसरी आवृत्ती. या मतभेदाने जोडी तुटली नाही, हे विशेष.

'अंटिल द एंड ऑफ द वर्ल्ड' (१९९१) च्या वेळी अडचण बाहेरून आली. वितरकांच्या अटींमुळे अनेक देशांत फिरणारी ती कथा चित्रपटगृहांत जेमतेम अडीच-तीन तासांची उरली, आणि पडली. वेंडर्स यांनी पुढे ४ तास ४७ मिनिटांची दीर्घ आवृत्ती तयार करवली. कथा नीट समजते ती या आवृत्तीतच.

प्शिगोडा यांचे २ ऑक्टोबर २०११ रोजी म्युनिकमध्ये वयाच्या ६९व्या वर्षी निधन झाले.