बारशाचा पाळणा पारखून घ्या, बांधावरची झोळीसुद्धा

बियाणं घेताना आपण पिशवीवरचं लेबल वाचतो. बैल घेताना दात बघतो, चालवून बघतो. पाळणा घेताना मात्र रंग आणि झालर बघून पैसे मोजतो. कृषी खात्याच्या माणसानं पाळण्यावर का लिहावं, असं कुणी म्हणेल. पण आपल्याकडे तान्ह्या बाळाचं घर आणि शेत वेगळं नसतं. ज्या खोलीत पाळणा, तिथंच धान्याची पोती. ज्या बांधावर झोळी, त्याच शेतात फवारणी. म्हणून हे लिहिणं भाग आहे.

पाळणा कसा पारखावा

पाळण्याचा तळ सपाट आणि कडक हवा. बाळ मध्ये खचता कामा नये. दोन गजांमधलं अंतर ६ सेंटिमीटरपेक्षा जास्त नको. अंतर जास्त असलं तर बाळाचं अंग गजांतून बाहेर सरकतं आणि डोकं अडकतं. गादी आणि कड यांच्यात दोन बोटांपेक्षा जास्त फट राहू देऊ नका. खिळ्यांची टोकं, कुसळं हात फिरवून बघा. घरातला जुना पाळणा माळ्यावरून काढला असेल, तर त्याचे सांधे हलवून बघा. रंगाचे पोपडे निघत असतील तर तो वापरू नका. जुन्या रंगात शिसं असू शकतं आणि ते बाळाच्या पोटात जातं.

पाळणा तुळईला टांगणार असाल तर आधी तुळई बघा. वाळवी लागलेलं लाकूड वरून धड दिसतं, पण ठोकलं की पोकळ वाजतं. कडी झिजलेली नाही ना, दोर कुजलेला नाही ना, हेही तपासा. मग पाळण्यात वीस किलोचं पोतं ठेवून पाव तास झोके द्या. गाठ सरकली किंवा तुळई करकरली, तर बाळ तिथं ठेवू नका.

उशी नको, बाळ उताणं

डोकं गोल व्हावं म्हणून मोहरीची उशी द्यायची आपल्याकडे रीत आहे. माया खरी, पण पाळण्यात उशी नको, जाड गोधडी नको, कापडी खेळणीही नकोत. नाकातोंडावर काही आलं तर तान्ह्या बाळाला ते बाजूला करता येत नाही. बाळाला उताणंच झोपवा. अमेरिकेत १९९४ पासून या एका गोष्टीचा मोठा प्रचार झाला आणि पुढच्या दहा वर्षांत तिथं झोपेत अचानक दगावणाऱ्या बाळांचं प्रमाण जवळपास निम्म्यावर आलं. दृष्टमण्याचा दोरा गळ्यात घालून झोपवू नका, तो आवळतो. वर टांगलेल्या चिमण्यांची दोरी हाताला लागेल इतकी खाली नको. बाळ कुशीवर वळायला लागलं, की छोट्या पाळण्याचं काम संपलं असं समजा.

पाळणा आईच्या खोलीतच असावा. वर मच्छरदाणी हवी आणि तिच्या कडा गादीखाली नीट खोचलेल्या हव्यात. मण्यार रात्री घरात शिरते आणि जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावते, हे विसरू नका.

औषधांपासून लांब

धान्यात ठेवायच्या ॲल्युमिनियम फॉस्फाईडच्या गोळ्यांमधून जीवघेणा वायू निघतो. दार लावलं तरी तो फटींतून शेजारच्या खोलीत जातो. राहत्या घरात या गोळ्या वापरायच्याच नाहीत. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं धडधाकट शेतकरी आणि मजूर दगावले. मग तान्ह्या जिवाची काय कथा! फवारणी करून आलात तर आंघोळ करून, कपडे बदलूनच बाळाला घ्या. खताची किंवा औषधाची पोती धुऊनसुद्धा बाळाखाली अंथरू नका.

बांधावरची झोळी

मजुरीला जाणाऱ्या बाईला झोळीशिवाय इलाज नसतो, हे मान्य. पण झोळीत बाळ दुमडतं, हनुवटी छातीला टेकते आणि श्वास कोंडतो. म्हणून झोळी रडणं थांबवण्यापुरतीच. बाळ झोपलं, की सावलीत बाजेवर उताणं, सपाट ठेवा आणि वरून मच्छरदाणी लावा. झोळी जिवंत, जाड फांदीलाच बांधा आणि गुडघ्याच्या उंचीवरच ठेवा. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीला कधीही बांधू नका. ज्या दिवशी शेतात फवारणी, त्या दिवशी बाळ शेतात नकोच.

गावानं काय करावं

सरपंच, ग्रामसेवक यांना एक सांगणं आहे. २००५ च्या रोजगार हमी कायद्यात, कामावर सहा वर्षांखालची पाच किंवा जास्त मुलं आली तर त्यांना सांभाळायला एका बाईला नेमावं, अशी तरतूद केली होती. तिचा हेतू कुठल्याही शेताला लागू पडतो. मजुरांची टोळी लावताना मालकानं त्यातल्या एका बाईला मुलांपाशी बसवावं आणि तिची मजुरी कापू नये. एका हजेरीचा खर्च फार नाही. दहा आयांचा जीव कामात राहतो, तो हिशेबही धरा.

या महिन्यात तुमच्या घरी बारसं असेल, तर झालर लावण्याआधी पाळणा उलटा करून त्याचा तळ, सांधे आणि दोर बघून घ्या.