बरणीत जाण्याआधीची काकडी

घेरकिनच्या, म्हणजे लोणच्याच्या छोट्या काकडीच्या, निर्यातीत भारत जगात पहिला ठरल्याची बातमी २०२२ मध्ये आली होती. एप्रिल ते ऑक्टोबर २०२१ या सात महिन्यांत काकडी-घेरकिनचा १,२३,८४६ टन माल बाहेर गेला, त्याचे ११.४ कोटी डॉलर आले. मागे सुमारे ९०,००० लहान शेतकरी आणि ६५,००० एकर जमीन. आकडे अभिमान वाटावा असेच आहेत. पण यातली काकडी आपण किती खाल्ली? जवळजवळ नाहीच. कर्नाटक, तमिळनाडू, आंध्र आणि तेलंगणात पिकलेला हा माल मिठाच्या पाण्यात किंवा व्हिनेगरमध्ये पडतो आणि पिंपा-बरण्यांतून जहाजावर चढतो. ही काकडी ताजी ताटात वाढावी, असे कोणाच्या मनातच आलेले दिसत नाही. मला हे मोठे नुकसान वाटते.

कारण ही आपली काकडीच आहे, फक्त लोणच्यासाठी निवडत आणलेल्या वाणांची. खारे पाणी आतपर्यंत मुरावे म्हणून साल पातळ, बरणीत महिनोन्‌महिने राहूनही करकरीत राहावी म्हणून गर घट्ट, मध्ये पोकळ पडू नये म्हणून बियांचा भाग लहान. आता हेच गुण कच्ची काकडी खाणाऱ्याच्या नजरेने बघा. सोलायची गरज नाही, दाताखाली कुरकुरते, बी लागत नाही, पाणचट लागत नाही. सालीवरचे बारीक काटे ओल्या फडक्याने पुसले की निघून जातात. कडूपणा असलाच तर देठाकडे. ते टोक कापून टाकावे. मोठ्या दुकानांत मिळणारी लांब, जाड सालीची काकडी प्रवास आणि साठवण सोसते, म्हणून ती तिथे दिसते. चवीत ती या ठेंगण्या, खरबरीत काकडीच्या जवळपासही येत नाही.

शेतातले गणित मला त्याहून महत्त्वाचे वाटते. हे नव्वद दिवसांचे पीक. फळ इतक्या झपाट्याने फुगते की तोडणीच्या दिवसांत रोज वेलाखाली वाकावे लागते. एका किलोत जितकी जास्त फळे बसतात, तितकी प्रत वरची आणि भाव चढा. एक दिवस मजूर आले नाहीत की बोटाएवढी काकडी वीतभर होऊ लागते, शेवटच्या प्रतीत जाते किंवा कारखाना ती घेतच नाही. कष्ट तेवढेच, दाम उतरलेले. आणि खाण्यासाठी तर हेच फळ उत्तम! चार-पाच इंचांची कोवळी काकडी बरणीला मोठी होते, ताटाला अगदी बेताची.

जिथे या काकडीचे लोणचे घरोघरी होते, तिथले लोक ती ताजीही आवडीने खातात. पोलंडमध्ये तिचे काप आंबट सायीत घालून कोशिंबीर करतात, उन्हाळ्यात ती मधात बुडवूनही खातात. रशियात एक-दोन दिवसच मिठाच्या पाण्यात, शेपू-लसणासोबत ठेवून अर्धी मुरलेली काकडी खाण्याची रीत आहे. शेपू आपल्याकडे बारमाही मिळतो. हा प्रकार जरूर करून पाहावा.

पण माझ्या मते या काकडीचे खरे सोने होईल ते खमंग काकडीत. काकडी कोचवून मीठ लावले की पाणी सुटते आणि पिळताना अर्धी चव त्या पाण्याबरोबर जाते. घट्ट गराच्या काकडीला पाणी कमी सुटते. मग दाण्याचे कूट, ओले खोबरे, मिरची, लिंबू, चिमूटभर साखर आणि वर तुपात जिऱ्याची फोडणी. पिळूच नका, लगेच वाढा.

करारशेतीत सगळा माल कंपनीचा, हे मान्य. पण कंपनीला नको असलेली मोठी फळे शेतकऱ्याला खुल्या बाजारात विकू देण्याचे कलम त्या करारात यायला काय हरकत आहे? कर्नाटकातून सांगली-कोल्हापूरचे बाजार एका रात्रीच्या अंतरावर आहेत. पातळ सालीमुळे ही काकडी लवकर सुकते, दोन-तीन दिवसांत खपलीच पाहिजे. मेथी आणि कोथिंबीर रोज पहाटे उतरवून संध्याकाळच्या आत विकणाऱ्या आपल्या मंडयांना ते मुळीच अवघड नाही.