फसलेल्या प्रयोगाचा वारस

किनवटहून मुदखेड, नांदेड, वसमत करत औंढा नागनाथला जाणारे बहुतेक जण ज्योतिर्लिंगाच्या दर्शनालाच जातात. त्याच तालुक्यात दुधाळ्याच्या शिवारात गुरुत्वीय लहरी टिपणारी लायगो-इंडिया वेधशाळा व्हायची आहे. २०१६ला तत्त्वतः मान्यता, एप्रिल २०२३ला २,६०० कोटींची मंजुरी, २०३०चं उद्दिष्ट, एवढा सरकारी इतिहास. यंत्राचं मूळ मात्र १८८७चं. पृथ्वी सेकंदाला ३० किलोमीटर धावते, तेव्हा तिच्या गतीच्या दिशेने आणि काटकोनात जाणाऱ्या प्रकाशाच्या वेळेत फरक पडलाच पाहिजे, या हिशेबाने मायकेल्सन आणि मोर्ले या शास्त्रज्ञांनी पाऱ्यावर तरंगत्या शिळेवर आरसे मांडले. अपेक्षित फरक दिसलाच नाही. पुढे १९०५मध्ये आइन्स्टाइनने प्रकाशवेगाचं अढळपण गृहीतच धरलं आणि १९८३पासून मीटरची व्याख्याही त्यावरच बेतली. औंढ्याचं यंत्र याच अपयशाच्या पायावर उभं राहणार आहे.

चार-चार किलोमीटरच्या दोन काटकोनी भुजांत लेझर दुभागून सोडायचा आणि टोकाच्या आरशांवरून परतताना जुळवायचा. गुरुत्वीय लहर आली की एक भुजा ताणते, दुसरी आखडते. तेही प्रोटॉनच्या व्यासाच्या दहा हजाराव्या हिश्शाइतकी. वेग अढळ असल्यामुळे उशीर म्हणजेच अंतर. यावर एक रास्त शंका निघते: अवकाशच ताणलं तर प्रकाशलहरही ताणेल, मग मोजणार कशाने? भुजेत असलेला प्रकाश ताणतो हे खरं, पण लेझरमधून ताजा प्रकाश सतत येत राहतो. लांबलेली वाट त्याला त्याच वेगाने कापावी लागते, आणि तो उशीर यंत्र पकडतं. २०१७मध्ये सुमारे १३ कोटी प्रकाशवर्षांवरच्या न्यूट्रॉन ताऱ्यांच्या टकरीतून लहरी आल्या आणि जेमतेम १.७ सेकंदांनी गॅमा किरण. गुरुत्वीय लहरी आणि प्रकाश यांचा वेग एकच, याचा इतका पक्का पुरावा आधी नव्हता.

खरी मेख आरशात आहे. ४० किलोचा आरसा जेमतेम ०.४ मिलिमीटर जाडीच्या काचतंतूंवर टांगायचा, तोही लंबकाखाली लंबक अशा चार पायऱ्यांच्या तळाशी, म्हणजे जमिनीची थरथर वरच्या वर जिरते. पण ज्या मराठवाड्याने १९९३चा किल्लारीचा भूकंप सोसला आणि जिथे मार्च २०२४मध्ये हिंगोलीला ४.५ तीव्रतेचा धक्का बसला, तिथे हे कशाला, असं कुणी विचारलं तर ते वावगं नाही. मोठा धक्का यंत्राला काही काळ बंद पाडेल. त्याच्या वेळा कुणाच्या हातात नाहीत. अवजड वाहनं, खडी क्रशर, खाणीतले सुरुंग यांची रोजची थरथर मात्र माणसाच्या हातात आहे, आणि मला काळजी तिचीच वाटते. अमेरिका, इटली, जपानमधल्या अशाच यंत्रांपासून दूर असलेलं हे केंद्र लहर आकाशात कुठून आली ते जास्त नेमकं सांगू शकेल. २,६०० कोटींचं समर्थन तिथेच आहे. तेवढ्यासाठी आसपासच्या खाणपरवान्यांवर आणि रस्त्यांवर पुढची कित्येक वर्षं जिल्हा प्रशासनाला लक्ष ठेवावं लागेल. मंजुरीची बातमी झाली, या कामाची होणार नाही.