शेकडा वाढ कशी काढावी?

विद्यार्थिमित्रहो, वाढ किती झाली एवढेच सांगून भागत नाही. ती किती रकमेवर झाली, हेही सांगावे लागते. दहा रुपयांवर दोन रुपये वाढले तर वाढ शेकडा २० होते. शंभरांवर तेच दोन वाढले तर शेकडा अवघी २.

आपल्या इंदूर जिल्ह्याचेच उदाहरण घ्या. २००१ च्या जनगणनेत येथील लोकसंख्या २४,६५,८२७ होती. २०११ मध्ये ती ३२,७६,६९७ झाली. वजाबाकी करता वाढ ८,१०,८७० येते. हिला मूळ, म्हणजे २००१ च्या, संख्येने भागून शंभराने गुणावे. उत्तर सुमारे ३२.८८. म्हणजे पूर्वीच्या दर शंभर माणसांमागे दहा वर्षांत जवळजवळ तेहतीस माणसे वाढली.

कित्येकजण घाईने नव्या संख्येने भागतात. मग उत्तर २४.७५ येते. त्या हिशेबाने पाण्याची तजवीज केली, तर वाढलेल्या तेहतिसांपैकी आठजण तहानलेले राहतील!

२४.७५ हा आकडा मात्र अगदीच निरर्थक नव्हे. २०११ च्या संख्येवरून पुन्हा २००१ च्या संख्येवर यावयाचे, तर घट शेकडा तेवढी होईल. अंतर तेच, पाया बदलला की शेकडेवारी बदलते. म्हणून भागाकार मांडण्यापूर्वी स्वतःस एकच प्रश्न विचारावा: आरंभीची संख्या कोणती?