जॅकचा अधिकार : एका राक्षसकथेची तीन रूपे

इंग्रजी लोककथेतील जॅक गाईच्या मोबदल्यात घेवड्याचे दाणे घेतो, त्यांतून उगवलेल्या वेलीवरून आभाळापलीकडे चढतो आणि तेथील राक्षसाचे सोने, सोन्याची अंडी देणारी कोंबडी व सोन्याची वीणा पळवून आणतो. पाठलाग करणारा राक्षस, वेल तोडली जाताच, कोसळून मरतो. प्रश्न असा की, या चोरीचा अधिकार जॅकला कोणी दिला?

बेंजामिन टॅबर्ट यांनी १८०७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाठात याचे उत्तर एक परी देते : राक्षसाने जॅकच्या पित्याचा वध करून त्याचे धन लुबाडले होते. चोरी अशा रीतीने वारसाहक्क ठरते. जोसेफ जेकब्ज यांनी मात्र १८९० च्या आपल्या संग्रहात, बालपणी ऑस्ट्रेलियात ऐकलेल्या कथेला अनुसरून, ही परी वगळली. त्यांच्या पाठात राक्षसाची बायको जॅकला भट्टीत लपवून वाचविते आणि जॅक तिचेच घर लुटतो. कथा त्याचे समर्थन करीत नाही. ऐकणाराही ते मागत नाही.

ब्रायन सिंगर दिग्दर्शित ‘जॅक द जायंट स्लेअर’ (२०१३) या चित्रपटाने तिसरा मार्ग पत्करला. येथे जॅक वर चढतो तो राजकन्या इझाबेलच्या सुटकेसाठी. राक्षसांना वश करणारा मुकुट बळकावून सत्ता मिळवू पाहतो तो रॉडरिक. म्हणजे लोभ नायकाकडून खलनायकाकडे गेला आहे. पुढे राक्षस स्वतःच पृथ्वीवर चाल करून येतात, आणि चोरीची कथा युद्धकथा बनते. हे साधले आहे ते दुसऱ्या एका जॅकच्या साहाय्याने. कॉर्नवॉलचा राक्षसहंता जॅक गुरेढोरे पळविणाऱ्या राक्षसाला ठार करतो. त्याचे शौर्य लोकहिताचे असते. चित्रपटाचे कथानक वेलीच्या कथेचे, तर नाव व नीती या कथेची. मूळचा ‘किलर’ हा शब्द बदलून योजलेला ‘स्लेअर’ हा जुन्या वीरकथांच्या वळणाचा शब्दही याच दिशेचा होय.

या शुद्धीकरणात राक्षसाची बायको मात्र नाहीशी झाली. तिच्याबरोबर कथेतील सर्वांत अवघड जागाही गेली : जिने आसरा दिला, तिच्याशीच झालेली कृतघ्नता. चित्रपटातील जॅक निर्दोष आहे. परंतु लोककथेतील जॅक गरीब, भुकेला आणि धूर्त होता, व श्रोत्यांना तो तसाच चालत होता.