सशाचे दांत

आमच्या नातवंडांच्या सशानें एके दिवशीं अन्न टाकलें. हनुवटी लाळेनें भिजलेली, लेंड्या बारीक झालेल्या. आम्ही मात्र तो रुसला असें समजून स्वस्थ राहिलों. पशुवैद्यांनीं तोंड उघडून पाहिलें, तों खालच्या दाढांच्या वाढलेल्या कडांनीं जीभ सोलली होती. सशाचे २८ ही दांत जन्मभर वाढतात. पुढचे तर आठवड्यास सुमारें २ ते ३ मिलिमीटर. ते झिजतात गवत चघळण्यानें. आम्ही तर लाडानें पोळी व बिस्किटें घालीत होतों! भूल देऊन दाढा घासल्या, म्हणून जीव वाचला. तरी वाचकहो, सशास सुकें गवत मुबलक द्यावें; दांत घरीं कात्रीनें कापूं नयेत, ते उभे चिरतात; आणि अर्धा दिवस तो उपाशी राहिल्यास विलंब लावूं नये. मुक्या जिवाचें दुखणें ओळखणें हें पाळणाऱ्याचेंच कर्तव्य होय.